पंचलाइन नाकारणारा अर्धा तास

15 डिसेंबर 1970 च्या रात्री ब्रिटनमध्ये ज्यांनी बीबीसी-1 लावलं, त्यांना पडद्यावर एक समुद्री साहसपट सुरू झालेला दिसला. काळोखा किनारा, होडीतून उतरणारी माणसं, छाती दडपवणारं संगीत, 'द ब्लॅक ईगल' अशी ठसठशीत अक्षरं आणि पाठोपाठ श्रेयनामावली. विनोदी कार्यक्रम लागायचा होता, पण विनोदाचा मागमूस नव्हता. आपण चुकीच्या वाहिनीवर आलो की काय, असं वाटायला लागेपर्यंत हे चालू राहिलं. मग कॅमेरा त्या माणसांबरोबर सरकत सरकत एका टेबलापाशी येऊन थांबला. टेबलामागे बो टाय लावलेला निवेदक बसला होता. आता काहीतरी अगदी वेगळं दाखवतो, असं त्याने गंभीरपणे जाहीर केलं आणि त्यानंतर कुठे 'माँटी पायथन्स फ्लाइंग सर्कस'चं शीर्षकसंगीत वाजलं.

पुढच्या अर्ध्या तासात जे घडलं ते एका दमात सांगणं कठीण आहे. एक हंगेरियन माणूस वाक्यांचं पुस्तक घेऊन तंबाखूच्या दुकानात येतो. पुस्तकातली भाषांतरं मुद्दाम चुकीची छापलेली असल्यामुळे तो काड्यापेटी मागायला जातो आणि भलतंच बोलून बसतो. त्या पुस्तकाच्या प्रकाशकावर कोर्टात खटला उभा राहतो. मग मार्क्स, लेनिन, चे गव्हेरा आणि माओ एका प्रश्नमंजूषेत बसतात आणि त्यांना इंग्लिश फुटबॉलचे प्रश्न विचारले जातात. पहिल्या महायुद्धातल्या खंदकाचा प्रसंग सुरू होतो, पण खंदकात भलत्याच वेशातली माणसं उभी असल्यामुळे तो अर्ध्यावर थांबवावा लागतो. दरम्यान नॅशनल गॅलरीतल्या चित्रांमधली माणसं चौकटीबाहेर पडून संपावर जातात. खंदक पुन्हा येतो. त्यातला अभिनय इतका भडक होतो की, अतिअभिनय करणाऱ्या नटांसाठी असलेलं इस्पितळ दाखवलं जातं. शेवटी एका खानावळीत प्रत्येक पदार्थात 'स्पॅम' नावाचं डबाबंद मांस निघतं आणि तिथे बसलेले व्हायकिंग त्याचंच गाणं गाऊ लागतात. भाग संपतानाच्या श्रेयनामावलीत कलाकारांच्या नावांमध्येही स्पॅम घुसलेलं असतं.

यातला शेवटचा प्रसंग जगभर गाजला. बाकीचा भाग फारसा कुणाच्या लक्षात नाही, आणि पायथनबद्दलचा सगळ्यात मोठा गैरसमज नेमका इथून सुरू होतो. ती मंडळी एकामागून एक स्केचेस सादर करत होती, असं आपण धरून चालतो. खरं तर त्यांच्या रचनेचं एकक स्केच नव्हतंच. ते होतं अर्ध्या तासाचा अख्खा भाग. एका प्रसंगातून दुसऱ्यात घसरत जाणं, मधेच सोडून देणं, सोडलेलं पुन्हा उचलणं यातच त्यांचा खरा शोध होता. तो शोध ज्याने ओळखला नाही त्याने पायथनचे विनोद पाहिले, पायथन पाहिलं नाही.

हा शोध किती मोठा होता हे कळायला आधीची परंपरा पाहावी लागते. ब्रिटिश स्केच-विनोद म्युझिक हॉलच्या रंगमंचावर वाढला. तिथे प्रत्येक तुकड्याला सुरुवात, चढण आणि शेवटी पंचलाइन लागे. पंचलाइन पडली की दिवे मालवायचे, टाळ्या घ्यायच्या. टीव्हीनेही तोच शिरस्ता चालू ठेवला. डेव्हिड फ्रॉस्टच्या 'द फ्रॉस्ट रिपोर्ट' या 1966-67 मधल्या कार्यक्रमासाठी पुढे पायथन झालेले पाचही ब्रिटिश लेखक लिहीत होते. पंचलाइनच्या सक्तीने होणारा घोटाळा त्यांनी तिथे रोज अनुभवला. कल्पना सुंदर, मधला भाग बहारदार, पण शेवट जुळत नाही म्हणून अख्खं स्केच बाद. किंवा एखादा ओढूनताणून शेवट चिकटवायचा आणि साऱ्या प्रसंगाची चव घालवायची.

त्यात पंचलाइन आणखी एक काम करते. ती प्रेक्षकाला आश्वासन देते की, ही फक्त गंमत होती, आता संपलं, सगळं जागच्या जागी आहे. ज्या विनोदाला काही गोष्टी जागच्या जागी राहू द्यायच्या नाहीत, त्याच्या पायात पंचलाइन ही बेडी असते.

ही बेडी टीव्हीवर पहिल्यांदा तोडली ती महाराष्ट्रात जन्मलेल्या एका माणसाने. स्पाइक मिलिगनचा जन्म 16 एप्रिल 1918 रोजी तेव्हाच्या अहमदनगरात, म्हणजे आताच्या अहिल्यानगरात झाला. वडील ब्रिटिश लष्करात होते. मिलिगनचं लहानपण पुण्याच्या लष्करी वसाहतीत आणि नंतर रंगूनमध्ये गेलं. 1951 ते 1960 या काळात त्याने लिहिलेल्या 'द गून शो' या नभोनाट्यमालिकेने युद्धानंतरच्या ब्रिटिश तरुणांच्या विनोदबुद्धीला वळण लावलं. शाळकरी वयातले पायथन रेडिओला कान लावून तो ऐकत मोठे झाले. मार्च 1969 मध्ये बीबीसी-2 वर मिलिगनची 'क्यू-5' ही मालिका सुरू झाली. तिच्यात प्रसंग रंगात येत आणि मिलिगनला कंटाळा आला की सरळ सोडून दिले जात. पायथनपैकी टेरी जोन्स आणि मायकेल पेलिन यांनी ती पाहिली तेव्हा, आपल्याला जे करायचं होतं ते या माणसाने आधीच करून टाकलं, या जाणिवेने ते हादरले. त्यांनी चौकशी करून 'क्यू-5'चा दिग्दर्शक इयन मॅकनॉटन याला आपल्या मालिकेसाठी मागून घेतलं. पहिले चार भाग जॉन हॉवर्ड डेव्हिसने बसवले. पुढची सारी मालिका मॅकनॉटनने सांभाळली.

मिलिगनकडून मिळालेल्या सुट्या तुकड्यांना सांधणारा धागा मात्र टेरी गिलियमचा. पायथनच्या सहा जणांत तो एकटा अमेरिकन. व्हिक्टोरियन काळातली कोरीव चित्रं, जुनी छायाचित्रं, पुस्तकांतली पानं कापायची आणि कॅमेऱ्याखाली हातांनी सरकवत त्यांना हलतं करायचं, ही त्याची पद्धत. स्वस्त होती, वेगवान होती आणि मुख्य म्हणजे तर्काच्या बंधनातून मोकळी होती. एखाद्या पुतळ्याचं डोकं उघडावं, त्यातून झाड उगवावं, झाडाला लागलेलं फळ खाली पडून पुढच्या प्रसंगातल्या माणसाच्या डोक्यावर आपटावं, अशी ती चाल. शीर्षकाच्या शेवटी वरून येऊन सगळं चिरडणारं ते सुप्रसिद्ध पाऊल त्याने ब्राँझिनोच्या सोळाव्या शतकातल्या चित्रातून कापून घेतलं. मूळ चित्र लंडनच्या नॅशनल गॅलरीत आहे आणि ते पाऊल मदनाचं आहे. त्यामागे वाजणारं संगीत म्हणजे अमेरिकन संगीतकार सूझाचं 1893 मधलं 'लिबर्टी बेल' हे लष्करी संचलनगीत.

उरलेले पाच जण दोन विद्यापीठांतून आले होते. जॉन क्लीज, ग्रॅहम चॅपमन आणि एरिक आयडल केंब्रिजचे. जोन्स आणि पेलिन ऑक्सफर्डचे. क्लीज कायदा शिकला होता, चॅपमन डॉक्टर होता, पेलिनचा विषय इतिहास. 1969 च्या उन्हाळ्याआधी ही मंडळी बीबीसीच्या विनोद विभागाच्या प्रमुखापुढे, मायकेल मिल्सपुढे बसली. कार्यक्रमाचं नाव काय, संगीत असेल का, पाहुणे असतील का, चित्रीकरण कुठे, यांपैकी एकाही प्रश्नाचं धड उत्तर त्यांच्याकडे नव्हतं. तरी मिल्सने तेरा भाग देऊन टाकले, अशी आठवण क्लीजने अनेकदा सांगितली आहे. नमुना भाग मागितला नाही, बाजाराचं सर्वेक्षण केलं नाही. 5 ऑक्टोबर 1969 रोजी, रविवारी रात्री उशिरा पहिला भाग लागला आणि 5 डिसेंबर 1974 पर्यंत चार पर्वांत मिळून 45 भाग झाले.

सार्वजनिक पैशावर चालणाऱ्या संस्थेने घेतलेला हा धोका पायथनच्या कथेतला कळीचा भाग आहे. बीबीसीतले वरिष्ठ या मालिकेवर नेहमी खूश होते असं मुळीच नाही. दुसऱ्या पर्वाच्या शेवटी प्रेतसंस्कार करणाऱ्या दुकानदाराचं एक भयंकर स्केच होतं. प्रेक्षकांनी त्याचा आरडाओरडा करून निषेध करावा आणि शेवटी स्टुडिओत धावून यावं, या अटीवरच त्याला परवानगी मिळाली. पायथन मंडळींनी ती अटही रचनेत सामावून घेतली. कुरबुरी झाल्या, वेळा बदलल्या, काही शब्द कापले गेले. पण लिहिणाऱ्यांचा हात कुणी धरला नाही.

आणि लिहिणारे बेशिस्त नव्हते. निरर्थकाचा विनोद म्हणजे सुचेल ते करणं, असा समज असतो. पायथनची कामाची रीत पाहिली की तो गळून पडतो. क्लीज आणि चॅपमन जोडीने लिहीत. पेलिन आणि जोन्स यांची दुसरी जोडी. आयडल एकटा, गिलियम एकटा. ठरावीक दिवसांनी सगळे एकत्र बसत आणि आपापलं लिखाण मोठ्याने वाचून दाखवत. बाकीचे हसले तर ते राहिलं, नाही तर गेलं. भूमिका कुणी करायच्या हा प्रश्न नंतरचा. लेखणी आधी, अभिनय मागाहून.

चीजच्या दुकानाचं स्केच याचं उत्तम उदाहरण आहे. फोकस्टन बंदरात चित्रीकरण करताना क्लीजला बोट लागली. परतताना चॅपमनने त्याला काहीतरी खायचा आग्रह केला, तेव्हा चीज खावंसं वाटतं असं तो म्हणाला. औषधाच्या दुकानात चीज मिळेल का, इथून बोलणं सुरू झालं आणि जिथे चीजच नाही असं चीजचं दुकान इथवर पोचलं. क्लीज एकामागून एक चीजची नावं लिहीत गेला. आपण लिहितोय ते हसू आणणारं आहे, यावर त्याचाच विश्वास नव्हता. बैठकीत वाचलं तेव्हा पेलिन हसून लोटपोट झाला आणि स्केच वाचलं. 1972 मध्ये ते प्रक्षेपित झालं. त्यात चाळीसहून अधिक चीजची नावं येतात आणि प्रत्येकाला दुकानदार तितक्याच अदबीने नकार देतो. यादीचा क्रम, नकारांची बदलती वळणं, गिऱ्हाइकाच्या संयमाची हळूहळू उसवत जाणारी वीण, हे सगळं मोजूनमापून केलेलं आहे.

मेलेल्या पोपटाचं स्केच तर विनोदी लेखन शिकणाऱ्याने कागदावर उतरवून अभ्यासावं असं आहे. त्याचं मूळ पेलिनच्या अनुभवात होतं. गाडीत कितीही बिघाड दाखवला तरी काही झालेलंच नाही म्हणणारा एक गॅरेजवाला त्याला भेटला होता. 1968 मध्ये 'हाउ टू इरिटेट पीपल' या कार्यक्रमात त्यावर जुन्या गाड्यांच्या विक्रेत्याचं स्केच झालं. पुढच्या वर्षी क्लीज आणि चॅपमन ते नव्याने लिहायला बसले तेव्हा, वस्तू बदलली तर प्रसंग खुलेल हे दोघांच्या ध्यानात आलं आणि चॅपमनने पोपट सुचवला. गाडीत बिघाड आहे की नाही यावर वाद होऊ शकतो. पोपट मेलाय की नाही यावर होऊ शकत नाही. एवढ्या एका बदलाने ग्राहकाच्या तक्रारीचा प्रसंग वस्तुस्थिती नाकारणाऱ्या सत्तेचा प्रसंग झाला.

रेनकोट घातलेला क्लीज पिंजरा घेऊन येतो. अर्ध्या तासापूर्वी इथूनच घेतलेला पोपट मेलेला आहे, असं सांगतो. काउंटरमागचा पेलिन म्हणतो, तो विश्रांती घेतोय. पक्षी दांडीवर खिळ्यांनी ठोकलेला आहे हे दाखवल्यावर, खिळे नसते तर तो उडून गेला असता, असं उत्तर मिळतं. क्लीज पक्ष्याला काउंटरवर आपटतो, हवेत उडवून खाली पाडतो. मग मरणाचे जेवढे म्हणून शब्द आणि वाक्प्रचार इंग्रजीत आहेत, त्यांची सरबत्ती सुरू होते. ती ऐकताना हसू येतंच, पण त्याखाली एक असहायता आहे. समोरचा माणूस मानायलाच तयार नसेल, तर सत्य किती प्रकारे आणि किती मोठ्याने सांगितलं याला काही अर्थ उरत नाही. आणि हा पेच सुटत नाही! ग्राहकाला दुसऱ्या गावातल्या दुकानात पिटाळलं जातं, रेल्वेच्या तक्रारखिडकीवर वाद होतो आणि अखेरीस लष्करी गणवेशातला चॅपमन येऊन, हे फारच बाष्कळ होत चाललंय म्हणत प्रसंग बंद पाडतो. पैसे परत मिळत नाहीत, दुकानदार कबूल होत नाही. इथे एखादी चटकदार पंचलाइन आली असती, तर हा पेच हशात विरघळून गेला असता.

बाष्कळ चालींच्या मंत्रालयाच्या स्केचमध्येही हेच तंत्र दिसतं. लांबलचक पाय हवेत भिरकावत कचेरीत शिरणारा क्लीज सगळ्यांना आठवतो. पण विनोदाचा कणा त्याच्या बोलण्यात आहे. सरकारने गेल्या वर्षी आमच्या खात्यावर संरक्षणापेक्षा कमी खर्च केला, ही त्याची तक्रार. समोर बसलेल्या अर्जदाराची चाल अनुदानाच्या पात्रतेइतकी बाष्कळ नाही, हा त्याचा अभिप्राय. अनुदान, संशोधन, आंतरराष्ट्रीय सहकार्य हे सगळे शब्द खऱ्या मंत्रालयातले आहेत आणि तो ते खऱ्या सचिवाच्या गांभीर्याने वापरतो. ब्रिटन आणि फ्रान्स तेव्हा मिळून काँकॉर्ड विमान बांधत होते, म्हणून या मंत्रालयातही एक ब्रिटिश-फ्रेंच संयुक्त चाल आहे. मूर्खपणा चालीत आहे आणि भाषा शहाणी आहे. त्यामुळे प्रेक्षकाचं लक्ष आपोआप त्या शहाण्या भाषेकडे जातं.

अख्खा भाग हेच एकक कसं, याचा सगळ्यात सुरेख पुरावा 22 सप्टेंबर 1970 च्या स्पॅनिश इन्क्विझिशनच्या भागात आहे. लाल झग्यांतले तीन धर्मगुरू अनपेक्षितपणे घुसतात, आपली शस्त्रं मोजताना पुन्हा पुन्हा चुकतात आणि छळ म्हणून म्हातारीला मऊ उशी टोचतात. भागाच्या शेवटी कोर्टातल्या एका प्रसंगात कुणीतरी, स्पॅनिश इन्क्विझिशनची अपेक्षा नव्हती, असं म्हणतं आणि सगळं न्यायालय दाराकडे पाहू लागतं. धर्मगुरू अजून घरीच असतात. ते धावत सुटतात, बस पकडतात, आणि त्याच वेळी पडद्यावर श्रेयनामावली धावू लागते. आता त्यांची शर्यत संपत आलेल्या भागाशी आहे. ते कोर्टात पोचतात आणि 'समाप्त' ही अक्षरं उमटतात. पहिला प्रसंग वेगळा कापून पाहणाऱ्याला ही शर्यत कधीच दिसणार नाही.

अख्ख्या भागाची ही जपणूक त्यांना खऱ्या कोर्टातही करावी लागली. अमेरिकेत 1974 मध्ये डॅलसच्या केईआरए या सार्वजनिक वाहिनीने मालिका अखंड दाखवली आणि तिला चाहते मिळाले. मग एबीसी या बड्या व्यापारी वाहिनीने चौथ्या पर्वाचे सहा भाग तीन-तीन एकत्र करून दोन विशेष कार्यक्रम बनवले. ऑक्टोबर 1975 मध्ये दाखवलेल्या पहिल्या कार्यक्रमात 90 मिनिटांपैकी 24 मिनिटं कापली होती. काही जाहिरातींसाठी, काही तथाकथित आक्षेपार्ह मजकुरासाठी. पायथन मंडळींनी न्यूयॉर्कमध्ये दावा लावला. बीबीसीशी झालेल्या करारात, लेखकांना विचारल्याशिवाय संहितेत मोठे बदल करायचे नाहीत असं कलम होतं. तेच त्यांच्या कामी आलं. 30 जून 1976 रोजी अपील न्यायालयाने त्यांच्या बाजूने मनाई हुकूम दिला आणि अशी कापाकापी म्हणजे लेखकाच्या नावावर त्याचं नसलेलं काम खपवणं आहे, असं मानलं. लेखकाच्या नैतिक हक्कांना अमेरिकी कायद्यात तेव्हा थेट स्थान नव्हतं, म्हणून हा निकाल तिथे महत्त्वाचा ठरला. आपल्याकडे 1957 च्या कॉपीराइट कायद्याचं 57 वं कलम लेखकाला हा हक्क देतं. किती मराठी लेखक तो वापरतात, हा विचार करण्याजोगा प्रश्न आहे.

पायथनच्या मर्यादाही स्पष्ट मांडायला हव्यात. सहा लेखकांत एकही स्त्री नव्हती. कर्कश आवाजाच्या प्रौढ बायका पुरुषच लुगडी नेसल्यागत झगे घालून उभ्या करत. कॅरल क्लीव्हलंड ही उत्तम टायमिंग असलेली अभिनेत्री बहुतेक वेळा शोभेच्या भूमिकांत अडकली. परदेशी माणसांची काही चित्रणं आज पाहवत नाहीत. सत्तेच्या प्रत्येक भाषेला प्रश्न विचारणाऱ्या या मंडळींना आपल्या पुरुषी, उच्चशिक्षित, गोऱ्या वर्तुळाला प्रश्न विचारणं तेव्हा जमलं नाही. तिसऱ्या पर्वानंतर क्लीज बाहेर पडला. आपण स्वतःचीच नक्कल करू लागलोय, असं त्याला वाटत होतं. त्याच्याविना झालेलं सहा भागांचं चौथं पर्व असमतोल आहे. अर्थात त्यातही रचनेचं धाडस कमी नाही.

त्या काळी बीबीसी महागड्या टेप पुसून पुन्हा वापरत असे. मिलिगनच्या 'क्यू-5'चे बहुतेक भाग असेच नाहीसे झाले. पायथनचे 45 भाग टिकले, हे आपलं नशीब. पुढे नेदरलंड्सच्या गिडो व्हान रॉसमने नव्या संगणक भाषेला या कार्यक्रमावरून 'पायथन' हे नाव दिलं. 1991 पासून ती जगापुढे आहे आणि तिच्या अधिकृत माहितीपत्रकांतल्या उदाहरणांमध्ये आजही स्पॅम आणि अंडी भेटतात. हिंजवडीपासून न्यू जर्सीपर्यंत हजारो मराठी हात रोज ती भाषा लिहितात.

आज पायथन मोबाइलवर भेटतं ते दोन-तीन मिनिटांच्या तुकड्यांत. पोपट, चाल, स्पॅम, बस्स. एबीसीने 24 मिनिटं कापली म्हणून ज्यांनी खटला लढवला, त्यांच्या कामाची आता त्याहून बारीक खांडोळी होते आणि ती आपणच आवडीने पाहतो. मराठीतही स्केच-विनोद याच मापात शिवला जातोय. सुरुवातीच्या काही सेकंदांत हशा आणि शेवटी पंचलाइन, नाही तर प्रेक्षक बोट सरकवून पुढे जाईल, ही भीती लिहिणाऱ्याच्या मानेवर बसलेली आहे. लिहिणाऱ्यांना अर्धा तास द्यायला हवा, त्यात फसायची मोकळीक द्यायला हवी, आणि तो अर्धा तास बसून पाहणारा प्रेक्षकही हवा. एखाद्या सुट्टीत पायथनचा कुठलाही एक भाग निवडा. सुरुवातीपासून श्रेयनामावली संपेपर्यंत, मधे न थांबवता पाहा. नापसंत पडला तरी चालेल. पण अख्खा पाहा.